माझं ‘वाय’चं बटण

मंतरलेल्या दोन वस्तू भट्टीत एकत्र टाकल्या की त्यांची एक होते, आणि मग ती पुन्हा सुटी होत नाही. हे मी कुठल्या पोथीत वाचलेलं नाही. खापरखेड्याच्या कॉलनीत, दुसऱ्या मजल्यावरच्या क्वार्टरमध्ये, टीव्हीसमोर सतरंजी टाकून बसले असताना शिकले. लग्नाला तेव्हा दुसरं वर्ष लागलं होतं.

माझे मोठे दीर आखातात नोकरीला होते. ऐंशीच्या दशकाची ती शेवटची वर्षं. ते सुट्टीवर आले तेव्हा सगळ्यांसाठी साड्या, अत्तर, टॉर्च असं काहीबाही आणलं आणि धाकट्या भावासाठी आणला एक कॉम्प्युटर. कॉम्प्युटर म्हणजे नुसता कीबोर्ड. तो आमच्या ब्लॅक अँड व्हाइट टीव्हीला जोडायचा आणि टेपरेकॉर्डरवर कॅसेट लावायची. मग टेपमधून अशी काही किंचाळी निघायची की सासूबाई स्वयंपाकघरातून ओरडायच्या, “कोनाच्या मांजरीले चेपून राहिला गा?” किंचाळी थांबली की पडद्यावर खेळ सुरू व्हायचा.

खेळ असा होता. एक ठेंगणा माणूस एका किल्ल्याखालच्या भुयारात उतरतो. खोल्या, जिने, राक्षस, बंद दारं. जागोजागी मंतरलेल्या वस्तू पडलेल्या असतात. कुठे अंगठी, कुठे ढाल, कुठे बाटलीत काढा. प्रत्येक वस्तूचा एक गुण. पण त्या माणसाची झोळी लहान. म्हणून भुयारात अधूनमधून एक भट्टी लागायची. तिच्यात दोन वस्तू टाकल्या की दोघींचे गुण एकीत उतरायचे आणि झोळीत एक जागा मोकळी व्हायची. भट्टीत टाकण्याआधी पडद्यावर इंग्रजीत प्रश्न यायचा: या दोन्ही एक करू का? हो असेल तर वाय दाबा, नाही तर एन.

माझा नवरा वीज केंद्रात इंजिनिअर. यंत्राच्या चोपड्यांतलं इंग्रजी त्याला यायचं, पण खेळातल्या म्हाताऱ्या जादूगाराची लांबलचक वाक्यं त्याच्या डोक्यावरून जात. मी शहरातल्या नंदनवन वस्तीतल्या शाळेच्या बाईंची मुलगी, इंग्रजी घेऊन बी. ए. झालेली. म्हणून मी वाचायची आणि तो बटणं दाबायचा. त्याला दुसरी पाळी नसली की दुपारी जेवणं आटोपून, सासूबाई लवंडल्या की आम्ही बसायचो. सगळ्यांदेखत मी त्याला ‘अहो’ म्हणे. खेळात राक्षस अंगावर आला की ‘अहो’ला वेळ कुठला? “अरे, डावीकडे पळ! पळ ना!” असं मी ओरडायची आणि तो पळायचा. सासूबाईंच्या कॉटचा आवाज आला की मी पुन्हा ‘अहो’वर यायची. नव्या नवरीला आणखी काय हवं असतं? मला तरी नको होतं.

पहिल्या वेळी आम्ही भट्टीत माती खाल्ली. एक अंगठी आगीपासून वाचवणारी, चांगली. दुसरी एका सांगाड्याच्या बोटात सापडली होती, तिने अंगात बळ यायचं. मी म्हणत होते थांब, जादूगार काय सांगतो ते वाचू दे. त्याला धीर नव्हता. दाबलं वाय. नवी अंगठी झाली, बळ आलं, आग लागेना. पण सांगाड्याच्या अंगठीत शापही होता, तोही सोबत उतरला. प्रत्येक पावलाला आमच्या माणसाचं आयुष्य थोडं थोडं कमी व्हायला लागलं आणि अंगठी काही बोटातून निघेना. चालता चालता मेला बिचारा. सगळं पहिल्यापासून.

तेव्हा नवऱ्यानेच कान पकडले. “आता कायदा केला,” तो म्हणाला. “वस्तू भट्टीपर्यंत मी नेईन. पण ‘वाय’ तुझं. तुझ्या बोटाशिवाय वाय दाबलं जाणार नाही.” असं म्हणून त्याने माझं बोट धरून त्या रबरी बटणावर ठेवलं.

हसू येईल कुणाला, पण मला ते फार मोठं वाटलं. त्या घरात मला कोणी काही विचारत नसे असं म्हटलं तर सासूबाई दुष्ट होत्या असं वाटेल. त्या तशा नव्हत्या. विचारायची पद्धतच नव्हती. आज भाजी कुठली, रविवारी कुणाकडे जायचं, पडदे कुठल्या रंगाचे, हे सगळं ठरून माझ्यापर्यंत यायचं. माहेरी आई मला चहात साखर किती घालू हेसुद्धा विचारायची. इथे चहा ज्या गोडीचा यायचा तो मी प्यायची. आणि दुपारी टीव्हीवर एक प्रश्न यायचा आणि नवरा बटणावरचा हात उचलून माझ्याकडे बघत बसायचा.

पुढे मला दिवा सापडला. एका खोलीतल्या भिंतीजवळून कितीतरी दुपारी आम्ही तसेच पुढे गेलो होतो. मी म्हटलं, भिंत ढकलून बघ. तो म्हणाला, काहून? मी म्हटलं, भिंतीआड उजेड आहे असं जादूगार उगाच नाही बोलला. भिंत सरकली आणि आत दिवा. हा दिवा झोळीत असला की जमिनीतले लपलेले खड्डे दिसायचे. नवऱ्याकडे तोवर एक मंतरलेली तलवार आली होती आणि त्याचा जीव तिच्यात अडकला होता. दिवा तलवारीत घातला तर तलवार पेटून उठेल, एका वारात राक्षस आडवा. पण मग दिवा दिवा राहणार नव्हता. खड्डे दिसणं बंद.

“कर ना वं वाय,” तो रोज म्हणायचा.

“आणि खड्ड्यात पडलास की?”

“तू आहेस ना सांगायला.”

“मला तरी कसं दिसणार?”

हे आमचं गोड भांडण. मी एन दाबायची आणि तो कपाळावर हात मारून घ्यायचा. टीव्हीवर वीज केंद्राची राख रोज येऊन बसायची, ती पुसायच्या निमित्ताने मी त्याच्या डोक्यावरही फडकं फिरवायची.

मग मला दिवस गेले. सातव्या महिन्यात हात सुजले आणि पाटल्या रुतायला लागल्या. या पाटल्या आईने केलेल्या. वडील लवकर गेले होते. आईने शाळेच्या नोकरीत, स्वतःच्या अंगावर सोन्याचा मणीही न ठेवता, त्या माझ्यासाठी घडवल्या होत्या. वर बारीक वेल होती. लग्नात माझ्या हातात घालताना तिने सांगितलं होतं, “या तुझ्या. मोडायच्या तर तू मोड, द्यायच्या तर तू दे. मलासुद्धा विचारायला येऊ नको.” साबण लावून मी त्या काढल्या आणि सासूबाईंच्या हातात दिल्या. त्यांनी माझ्यादेखत लोखंडी कपाटात ठेवल्या. पहिलं बाळंतपण माहेरी करायचं म्हणून मी नंदनवनात जायला निघाले. आदल्या दुपारी आम्ही खेळ कॅसेटवर भरून ठेवला. “मी येईपर्यंत दिव्याला हात लावायचा नाही,” मी बजावलं. त्याने डोक्यावर हात ठेवून शपथ घेतली. माझ्याच डोक्यावर.

मुलगी झाली. बारशाला तो आला. लाल झबलं आणलं, पाळण्याशी बसून राहिला. घरात माझ्या नणंदेच्या लग्नाची घाई होती, त्याबद्दल बोलला. मांडव कुठे, आचारी कोण, पाहुणे कुठे उतरवायचे. बाळ तान्हं, मी काही लग्नाला जाऊ शकणार नव्हते. मी हळूच विचारलं, “दिवा आहे ना?”

“आहे ना. जाईल कुठे तो,” तो म्हणाला आणि मुलीच्या मुठीत आपलं बोट घालून बसला. जेवला, दोनदा बासुंदी घेतली आणि संध्याकाळच्या बसने परत गेला.

मी खापरखेड्याला परतले तेव्हा पावसाळा लागला होता. मुलगी झाली म्हणून सासूबाईंचं तोंड थोडं वाकडं असेल, अशी तयारी करून मी जिना चढले होते. दारात त्या ताट घेऊन उभ्या. भाकरतुकडा ओवाळून टाकला, पायावर पाणी घातलं. डिंकाचे लाडू माझ्यासाठी वेगळ्या डब्यात करून ठेवले होते. “खाय वं, तुले ताकद पाहिजे,” असं म्हणत त्या मला ताटावर बसवत आणि स्वतः पोळ्या लाटत. शेजारच्या काकू बाळाला पाहायला आल्या आणि माझ्याच गालावरून हात फिरवून बोटं मोडली. “अशी सून नशिबानंच भेटते,” म्हणाल्या. खालच्या मजल्यावरची बाई म्हणाली, “मन मोठं हाय हो तुमचं.” मुलगी जन्माला घालायला मन कशाला मोठं लागतं हे मला कळेना. पण कौतुक कुणाला नको असतं? मला वाटलं, चला, मी या घरची झाले. किती आनंदात होते मी ते दिवस! आठवलं की अजून अंगाची आग होते.

पाटल्या मी मागितल्या नाहीत. बाळाचं अंग चोळायचं, न्हाऊमाखू घालायचं, हातात काचेच्या बांगड्याच बऱ्या. आणि आल्याआल्या सोन्याचं विचारणं बरं दिसलं नसतं.

मग एका दुपारी, मुलगी झोपली, सासूबाई लवंडल्या, त्याला सुट्टी होती. त्याने स्वतःहून सतरंजी टाकली. कॅसेट किंचाळली. मी मांडी घालून बसले आणि म्हटलं, “झोळी उघड.”

त्याने जरा वेळ लावला. झोळी उघडली. दिवा नव्हता. तलवारही नव्हती. एक पेटती तलवार होती.

“दिवा कुठे आहे?”

“अगं, ते पाळीतले मित्र आले होते. सगळे मागे लागले, करून दाखव, करून दाखव. झालं. पण पाहा तर कशी जळते ती!”

“वाय कोणी दाबलं?”

तो हसला. “मीच. दुसरं कोण?”

“मागचा भरून ठेवलेला खेळ लाव मग.”

“त्याच्यावरच पुढचं भरलं मी.”

मला रडू फुटलं. ओली बाळंतीण, रडू तसंही नाकावर असतं, पण हे रडू दिव्याचं होतं. तो गोंधळून गेला. “येडी आहेस का तू? खेळ आहे हा. दिवा काय अन् तलवार काय, एकच झोळी आहे ना आपली. त्यात तुझं-माझं काय?”

आवाजाने सासूबाई उठून आल्या. दारात उभ्या राहून त्यांनी माझ्याकडे पाहिलं, टीव्हीकडे पाहिलं. त्यांच्या तोंडावर खरंखुरं आश्चर्य होतं.

“अवं माय, पाटल्या मोडल्या तवा डोयातून टिपूस नाही काढलं तू. अन् ह्या टीव्हीतल्या दिव्यापायी रडून राहिली?”

मी म्हटलं, “कुठल्या पाटल्या?”

त्या हसत हसत आत येत होत्या त्या थांबल्या. मग त्यांनी मुलाकडे पाहिलं. तो कीबोर्डची वायर गुंडाळायला लागला होता.

हळूहळू सगळं बाहेर आलं. नणंदेच्या सासरच्यांनी सोन्याच्या चकत्यांचा चपलाहार हवा असं ऐन वेळी सुचवलं होतं. सासूबाईंनी आपली सोन्याच्या मण्यांची एकदाणी काढली, पण तेवढ्याने हार होईना. तेव्हा नवऱ्यानेच माझ्या पाटल्यांचं नाव काढलं. सोनाराकडे दोन्ही एकत्र आटवून एकच हार करायचा. “मी त्याले तवाच म्हटलं,” सासूबाई सांगत होत्या, “तिच्या मायनं केलेलं सोनं हाय. तिले इचारल्याबिगर हात लावू नको. बारशाले चालला, पहिले तिले इच्यार. अन् यानं येऊन सांगतलं, हो म्हणे. म्हणे आई, ते आनंदानं हो म्हणाली. म्या साऱ्या कॉलनीत सांगतलं वं, माही सून कशी हाय ते!”

म्हणजे डिंकाचे लाडू त्याचे होते. गालावरून फिरवलेले हात त्याचे होते. मी कधीच न म्हटलेल्या एका ‘हो’चे.

मी नवऱ्याला म्हटलं, “बारशाला दिवसभर माझ्यासमोर बसला होतात तुम्ही.”

“तुला त्या अवस्थेत कशाला त्रास द्यायचा, असं वाटलं,” तो म्हणाला. आणि मग अगदी साध्या सुरात, जणू माझी समजूत घालतोय अशा सुरात म्हणाला, “तू हो म्हणालीच असतीस ना?”

त्याचं चुकलं नव्हतं, हीच तर माझी चीड आहे. मी हो म्हणालेच असते. रात्रभर उशी भिजवली असती, आईला काय सांगू म्हणून घाबरले असते, आणि सकाळी हो म्हणाले असते. नणंद माझ्याहून लहान होती, माझ्या पाठीवर हात टाकून झोपायची. तिच्यासाठी मी त्या आपल्या हाताने काढून दिल्या असत्या. आईने मला त्या पाटल्यांबरोबर तेवढंच तर दिलं होतं, आपल्या हाताने द्यायचं सुख. सोनं सोनाराने आटवलं. हे मात्र माझ्या नवऱ्याने बासुंदी खाता खाता परस्पर उरकून टाकलं.

सासूबाई मुलाला रागावल्या नाहीत, तो काही लहान नव्हता. पण दुसऱ्या दिवसापासून त्या मला विचारायला लागल्या. “भाजी कोनती करू वं?” “हा पडदा राहू देऊ का?” एकदा तर आमटीत मीठ टाकायच्या आधी चिमूट हातात धरून माझी वाट पाहत उभ्या होत्या. मला त्यांची कीव यायची. त्यांची एकदाणीही त्याच भट्टीत गेली होती, आणि मुलाच्या शब्दावरचा विश्वासही.

कॉम्प्युटर पुढे माळ्यावर गेला. नवऱ्याने एकदोनदा म्हणून पाहिलं, चल, पहिल्यापासून सुरू करू. मी म्हटलं, तुम्ही खेळा. त्या दुपारनंतर मी त्याला एकांतातसुद्धा कधी ‘अरे’ म्हटलं नाही. त्याच्या हे लक्षात आलं की नाही कोण जाणे. आलं असतं तर बोलला असता.

दिवाळीला नणंद माहेरी आली. पहिला दिवाळसण, त्यामुळे जावई आले, तिच्या सासूबाईही आल्या. फराळाची ताटं मांडली होती. तिने गळ्यात हार घातला होता. मी तो पहिल्यांदाच पाहत होते. चकत्या एकीत एक ओवलेल्या, सगळ्या सारख्या, चकचकीत. माझ्या वेलीचा त्यात मागमूस नव्हता, सासूबाईंच्या मण्यांचाही नव्हता. कुठली चकती कोणाची हे देवालाही सांगता आलं नसतं.

ती माझ्याजवळ सरकून बसली. “वहिनी, एक विचारू?” म्हणाली. “माह्या सासूबाईले खरंच वाटत नाही. म्हणतात, माहेरचं सोनं असं कोणी नणंदेले देते का. तुम्हीच सांगा त्याहिले. तुम्ही मनापासून दिल्या नं?”

तिच्या सासूबाई माझ्याकडे पाहत होत्या. जावई पाहत होते. माझ्या सासूबाईंचा चिवड्यातला हात तसाच राहिला. नवरा मान खाली घालून चकलीचा तुकडा पाडत बसला होता.

त्या घरात इतक्या महिन्यांत पहिल्यांदा मला तो प्रश्न कोणीतरी खराखुरा विचारला होता. नाही म्हटलं असतं तर पोरीने हार तिथेच काढून ठेवला असता. मग ती त्या बाईबरोबर सासरी कशी गेली असती?

“हो,” मी म्हटलं. “मनापासून.”

नणंदेने वाकून माझ्या पायावर डोकं ठेवलं. नवऱ्याने मान वर केली. त्याचा चेहरा एकदम मोकळा झाला होता. ‘मी म्हटलं नव्हतं?’ असं त्याने डोळ्यांनीच आपल्या आईला विचारलं आणि माझ्यासमोर ताट सरकवलं. त्याला आणखी एक करंजी हवी होती.

वाय मी माझ्याच बोटाने दाबलं होतं. एनचं बटण त्याने कधीच काढून टाकलं होतं. मी करंजी वाढली.